खुलासा : युनोशा-स्तेंपोव्हस्की यांना मारण्याचा बेत नव्हता

पोलिश नट काझिमेश युनोशा-स्तेंपोव्हस्की यांना गद्दार ठरवून नाझी ताब्याविरुद्ध लढणाऱ्या पोलिश भूमिगतांनी गोळ्या घातल्या, असं फिरतंय. ते चुकीचं आहे. जुलै १९४३ मध्ये वॉर्सातल्या त्यांच्या घरी आलेल्यांचा रोख त्यांच्या पत्नीवर होता. ती गेस्टापोची (नाझी गुप्त पोलिसांची) खबरी असल्याचा आरोप होता. युनोशा-स्तेंपोव्हस्की तिला वाचवायला मध्ये पडले आणि गोळी त्यांना लागली. जर्मन ताब्याच्या काळात जर्मनांनी परवाना दिलेल्या रंगमंचावर त्यांनी कामं केली हे खरं, पण ती वेगळी गोष्ट. त्यांच्या भूमिका बघा : १९०२ मध्ये पोलिश चित्रपटकार प्रुशिन्स्कींच्या लघुपटात झिंगून घरी परतणारा रंगेल इसम, १९३७ च्या ‘झ्नाखोर’ चित्रपटात स्मृती गमावलेले सर्जन विल्चूर! एवढ्या मोठ्या नटाच्या नावावर हा डाग नको.