‘आलम आरा’चा लेखक परका नव्हता

आमच्या अलिबागच्या ग्रुपांवर सध्या एक मेसेज फिरतोय. त्यात म्हटलंय की भारताचा पहिला बोलपट ‘आलम आरा’ ही एका अमेरिकन सिनेमाची नक्कल होती, तो लिहिणारा बाहेरून आलेला कुणी ज्यू होता, त्याचा मराठीशी काही संबंध नव्हता आणि पुढे त्याने काही लिहिलंही नाही. शिकलेली माणसंसुद्धा तो पुढे ढकलताहेत, म्हणून लिहायला बसलो.

आधी ‘बाहेरून आलेला’ याबद्दल. लेखकाचं नाव जोसेफ डेव्हिड पेणकर. आडनाव पुन्हा एकदा वाचा. तो बेने इस्रायल, म्हणजे कोकणातल्या ज्यूंच्या समाजातला होता. या समाजाची आडनावं गावांवरून पडली: रोह्याचे रोहेकर, नवगावचे नवगावकर, पेणचे पेणकर. नवगावच्या किनाऱ्यावर जहाज फुटलं आणि वाचलेल्यांचा हा वंश, असं त्यांची परंपरा सांगते. गावोगावी ते तेलाचे घाणे चालवत आणि शनिवारी घाणा बंद ठेवत, म्हणून त्यांना शनवार तेली म्हणत. अलिबागेत इस्राएल आळी आहे, तिथे त्यांचं सिनेगॉग (प्रार्थनामंदिर) आहे. इतक्या पिढ्या इथल्या मातीत राहिलेल्यांना बाहेरचे म्हणायचं, तर मग इथला कोण?

मराठीशी संबंध नाही, हे तर मला फार लागलं. या समाजाची घरातली भाषाच मराठी. वल्हांडण या ज्यूंच्या सणाच्या रात्री वाचायची पोथी, हगादा, 1846 साली मुंबईत मराठी भाषांतरासह छापली गेली. आपल्या हरिकीर्तनाच्या धर्तीवर अब्राहाम आणि योसेफाच्या कथांची मराठी कीर्तनं त्यांनी रचली. मग जोसेफ डेव्हिडने हिंदुस्तानीत का लिहिलं? कारण तो पारशी रंगभूमीचा नाटककार होता आणि त्या कंपन्यांची नाटकं उर्दू-हिंदुस्तानीत चालत. धंद्याची भाषा वेगळी असली म्हणून आईची भाषा पुसली जात नाही. ‘आलम आरा’चा नायक मास्टर विठ्ठल मराठीच होता, त्याला कुणी परका म्हणत नाही.

नक्कलेचा आरोप अर्धवट माहितीतून आलाय. ‘आलम आरा’चे निर्माते-दिग्दर्शक अर्देशीर इराणी यांनी ‘शो बोट’ हा अर्धा बोलका अमेरिकन सिनेमा पाहिला आणि आपणही बोलपट काढावा असं त्यांच्या मनात आलं, हे खरं. पण ‘शो बोट’ ही मिसिसिपी नदीवरच्या तरंगत्या नाटकमंडळीची गोष्ट आहे. ‘आलम आरा’त राजा आहे, त्याच्या दिलबहार आणि नवबहार या दोन राण्या आहेत, फकिराचं भाकीत आहे, कैदेत पडलेला सेनापती आदिल आणि भटक्यांत वाढलेली त्याची मुलगी आहे. ही गोष्ट जोसेफ डेव्हिडच्या स्वतःच्या नाटकातली. तिकडून घेतली ती कल्पना: सिनेमा बोलू शकतो, एवढीच.

आणि नाटककारच का लागला, हेही समजून घ्यायला हवं. मूकपटात पाटीवर दोन ओळी लिहिल्या की भागत असे. इथे आवाज चित्रीकरणाच्या वेळीच घ्यायचा होता. स्टुडिओशेजारून रेल्वेगाड्या जात, म्हणून रात्री काम चाले आणि माइक कलाकारांच्या आसपास लपवावे लागत. अशा वेळी तोंडात सहज बसणारे संवाद आणि मधूनमधून गाणी पेरण्याची जाण ज्याच्या हातात मुरलेली, तोच माणूस उपयोगाचा. 14 मार्च 1931 ला गिरगावातल्या मॅजेस्टिक सिनेमागृहात लोक जे ऐकायला लोटले, ते याच कसबातून आलं होतं.

‘पुढे काही लिहिलं नाही’ याला दोन नावं पुरेत. वाडिया मूव्हीटोन या चित्रपटसंस्थेचा पहिला बोलपट ‘लाल-ए-यमन’ (1933) याच्या लेखनात जोसेफ डेव्हिड होता. स्टंटपटांची नायिका नादिया हिच्या ‘हंटरवाली’चे (1935) संवादही त्याचेच.

‘आलम आरा’ची एकही प्रत आज उरलेली नाही, त्यामुळे त्याचे संवाद आपल्याला पडद्यावर कधी ऐकू येणार नाहीत. म्हणून तो मेसेज पुन्हा आला, तर पाठवणाऱ्याला निदान लेखकाचं पूर्ण नाव लिहायला सांगा, ‘पेणकर’सकट.