सुवर्णपदक टाळायची रीतसर पद्धत

सुवर्णपदक काय, कुणीही जिंकतं. ते हातात येऊन निसटावं आणि तरी शंभर वर्षं लोकांनी तुमचंच नाव घ्यावं, याला तयारी लागते. शिकायचं तर मॅरेथॉन धावणाऱ्या दोरांदो पिएत्रीकडून. इटलीतल्या कार्पी गावात मिठाईच्या दुकानात काम करणारा हा पोऱ्या.

आधी रंगीत तालीम करा. १९०६ साली अथेन्सच्या मॅरेथॉनला दोरांदो पाच मिनिटांनी पुढे होता. २४ किलोमीटरच्या सुमारास पोट बिघडलं आणि गडी शर्यत सोडून बाजूला झाला. पण अशा माघारीने कुणी प्रसिद्ध होत नाही, हे ध्यानात ठेवा.

खरा प्रयोग २४ जुलै १९०८ चा, लंडन ऑलिंपिकच्या मॅरेथॉनचा. दुपारी अडीचला, भर उन्हात, विंडसर किल्ल्यापासून निघायचं. सुरुवात जपून करा, तिथे दोरांदोचंही काही चुकलं नव्हतं. ३२ किलोमीटरला दक्षिण आफ्रिकेचा हेफरन चार मिनिटं पुढे होता. आता धीर धरलात तर घात! हेफरन वाटेत कुणी दिलेली शँपेन पिऊन पोटात कळा येऊन आपोआप ढेपाळणार आणि तुम्ही चक्क सरळ जिंकणार. तेव्हा आत्ताच सुसाट सुटा. ३९ व्या किलोमीटरला त्याला मागे टाकाल, तोवर अंगात पाण्याचा थेंब उरायचा नाही.

स्टेडियममध्ये शिरलात की उलट्या दिशेला वळा. पंच धावत येऊन फिरवतील, मग पडा. एकदा पडून भागत नाही, दोरांदो पाच वेळा पडला. शेवटच्या साडेतीनशे मीटरला दहा मिनिटं लावा. (हो, मुंबई मॅरेथॉनमध्ये तुम्ही ज्या ४२.१९५ किलोमीटरला शिव्या घालता, तो आकडा याच मार्गाचा.) पाय रबरासारखे, नजर शून्यात, शेजारी हातात कर्णा घेतलेला अधिकारी. फोटो असा हवा. आणि मुख्य म्हणजे उचलणाऱ्यांना नको म्हणू नका. आधार घेतल्याशिवाय बाद कसे व्हाल? २ तास ५४ मिनिटं ४६ सेकंद. मग अमेरिकेची तक्रार, आणि पदक ३२ सेकंद मागून आलेल्या जॉनी हेजला.

दुसऱ्या दिवशी इंग्लंडची राणी अलेक्झांड्रा सोन्याचा मुलामा दिलेला चांदीचा कप देईल. शेरलॉक होम्सवाले कॉनन डॉयल प्रेक्षकांत हवेतच. त्यांच्या पुढाकाराने तुम्हाला बेकरी काढता यावी म्हणून ३०० पौंड वर्गणी जमेल. नोव्हेंबरात न्यूयॉर्कच्या मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये त्याच हेजला हरवा. तिथे पदक नसतं, त्यामुळे जिंकायला हरकत नाही. अमेरिकेत २२ पैकी १७ शर्यती मारा.

मग सगळी कमाई भावाबरोबर हॉटेलात घाला. ते बुडेल. पुढे सानरेमोत मोटारींचं गॅरेज बघा. कप तेवढा विकू नका. दोरांदोचा अजून कार्पीतच आहे.