‘शकुंतला’च्या ब्रिटिश मालकीची दंतकथा

लाखपुरी, पथ्रोट किंवा दारव्हा-मोतीबाग येथील ओस पडलेल्या स्थानकाचे छायाचित्र समाजमाध्यमांवर आले की त्याखाली ठरलेला मजकूर असतो: ‘शकुंतला’ या गाडीचा यवतमाळ–मूर्तिजापूर–अचलपूर हा देशातील एकमेव रेल्वेमार्ग आजही ब्रिटिशांच्या मालकीचा आहे, 1951 साली सरकार त्याचे राष्ट्रीयीकरण करायला विसरले आणि म्हणून भारत दरवर्षी 1 कोटी 20 लाख रुपये इंग्लंडला मोजतो. या मजकुरात खरे आहे ते एवढेच की हा नॅरोगेज मार्ग स्वातंत्र्यानंतरही एका खासगी कंपनीच्या नावावर राहिला.

ती कंपनी म्हणजे सेंट्रल प्रॉव्हिन्सेस रेल्वे कंपनी. वऱ्हाडातला कापूस मूर्तिजापूरच्या मुख्य मार्गावर आणि तेथून मुंबईला पोहोचवण्यासाठी किलिक निक्सन या व्यापारी पेढीने ती उभी केली. पेढीचे मूळ भागीदार ब्रिटिश होते, हे मान्य. पण पेढी मुंबईची होती, रेल्वे कंपनीची नोंदणीही मुंबईचीच होती, आणि स्वातंत्र्यानंतर किलिक निक्सनची मालकी भारतीयांकडे आली. खासगी आणि परकीय यांतला हा फरक पुसल्याशिवाय ‘इंग्लंडला खंडणी’ ही गोष्ट उभीच राहत नाही. कंपनीचा मोबदला तरी कशाचा होता? गाड्या चालवण्याचे काम आधी जीआयपी (ग्रेट इंडियन पेनिन्सुला) रेल्वेकडे आणि पुढे मध्य रेल्वेकडे करारान्वये होते, आणि त्या करारातून कंपनीला उत्पन्नाचा वाटा मिळत असे. शाखामार्ग बांधणाऱ्या कंपन्यांशी असे करार त्या काळी सर्रास होत.

‘विसरले’ हा शब्द तर इतिहासाला धरूनच नाही. गाड्या चालवणारी जीआयपी रेल्वे सरकारने 1900 साली विकत घेतली होती आणि 1925 पासून तिचा कारभारही सरकारच पाहत होते. त्यामुळे 1951 साली मध्य रेल्वे स्थापन झाली तेव्हा शकुंतलेच्या चालकाचे राष्ट्रीयीकरण करण्याचे काही उरलेच नव्हते. राहिली होती ती रुळांची मालकी, आणि लहान मार्गांच्या बाबतीत सरकारने प्रत्येक वेळी स्वतंत्र निर्णय घेतला. दार्जिलिंगचा मार्ग 1948 मध्ये घेतला, आपली बार्शी लाइट रेल्वे 1954 मध्ये घेतली. उलट हावडा–आमता आणि शाहदरा–सहारनपूर या मार्टिन कंपनीच्या गाड्या 1970च्या सुमारास बंद पडेपर्यंत खासगीच होत्या. ‘एकमेव’ हे विशेषण येथेच गळून पडते.

गाडी अजून मँचेस्टरच्या वाफेच्या इंजिनावर धावते, असेही कोणी कोणी लिहितात. 1921 साली बनलेले ते इंजिन एप्रिल 1994 मध्ये निवृत्त झाले आणि त्याची जागा डिझेलने घेतली.

मालक परका असल्यामुळे स्थानके मेली, हा निष्कर्ष मला सर्वांत घातक वाटतो, कारण त्यामुळे खऱ्या कारणांकडे पाहायची गरजच उरत नाही. कापूस मालमोटारींवर गेला आणि प्रवासी एसटीकडे वळले. यवतमाळची 113 किलोमीटर आणि अचलपूरची सुमारे 76 किलोमीटर लांबीची शाखा रखडत राहिली. गाडी बंद होण्याच्या कितीतरी आधीच बहुतेक स्थानकांवर माणूस उरला नव्हता. तिकिटे देण्यापासून इंजिन जोडण्या-सोडण्यापर्यंतची कामे गाडीबरोबर फिरणारे मोजके कर्मचारीच करीत. पुढे 2016 साली ब्रॉडगेज रूपांतरासाठी सुमारे 1,500 कोटी रुपयांची मंजुरी जाहीर झाली. त्या मंजुरीचे पुढे काय झाले, हा प्रश्न दिल्लीतल्या रेल्वे मंत्रालयाला विचारायचा आहे, लंडनला नव्हे.