दोन आजारांना एक खोली हवी

कॅनडातल्या कॅलगरीत दिवेलागणी होते तेव्हा महाराष्ट्रात उजाडलेले असते. रात्रीच्या स्वयंपाकाला लागण्याआधी तिकडची ताजी वर्तमानपत्रे वाचायची, ही माझी गेल्या अठरा वर्षांची सवय आहे. या काळात दारूवरचा वाद मी अनेक रूपांत वाचला. चंद्रपूर जिल्ह्यात २०१५ मध्ये दारूबंदी झाली आणि २०२१ मध्ये ती उठवण्याचा निर्णय झाला, तेव्हा एका बाजूने बुडालेल्या महसुलाचे आणि चोरट्या दारूचे दाखले दिले गेले आणि दुसऱ्या बाजूने उद्ध्वस्त होणाऱ्या संसारांचे. २०२२ च्या जानेवारीत मोठ्या दुकानांतून वाइन विकू देण्याचे सरकारने ठरवले, तेव्हा द्राक्षबागायतदारांपासून संस्कृतीपर्यंत सर्वांचे नाव घेऊन भांडण झाले. हे मुद्दे खोटे आहेत असे मी म्हणत नाही, आणि गडचिरोलीच्या बायकांनी दारूबंदीसाठी जे केले त्याबद्दल मला नितांत आदर आहे. पण या सगळ्या चर्चेत बाटली कुठे विकावी आणि कुठे विकू नये एवढाच प्रश्न असतो. ती बाटली ज्याच्या हातून सुटत नाही, त्याच्या डोक्यात आणखी काय चालले आहे हे कोणी विचारत नाही.

माझ्या धाकट्या भावाच्या डोक्यात काय चालले आहे हे समजायला आम्हाला सहा वर्षे लागली. त्याला २६व्या वर्षी बायपोलर आजाराचे, म्हणजे कधी उन्माद तर कधी खोल उदासी आणणाऱ्या मनोविकाराचे निदान झाले, आणि तोपर्यंत तो रोज पिऊ लागलेला होता. आधी काय आले आणि नंतर काय, या प्रश्नावर आमच्या घरात इतके वाद झाले आहेत की आता तो विषय कोणी काढत नाही. मनोविकारतज्ज्ञांकडे नेले, तर त्यांनी दारू पूर्ण सुटल्याशिवाय गोळ्यांचा उपयोग नाही, आधी ती सोडवून आणा, असे सांगितले. व्यसनमुक्ती केंद्रात नेले, तर तिथल्या समुपदेशकाने एक व्यसन सोडायचे आणि दुसरे धरायचे, याला मुक्ती म्हणत नाहीत, असे म्हणून गोळ्यांची पिशवी आईच्या हातात परत दिली. दोघांचेही हेतू चांगले होते असेच मी मानते. तरीही दोन महिन्यांत भाऊ उन्मादाच्या अवस्थेत केंद्राची भिंत चढून पळाला, आणि ‘याला सुधारायचेच नाही’ असा शिक्का घेऊन घरी आला.

हे दोन आजार एकमेकांत कसे गुंततात, हे मी त्याच्यापाशी राहून पाहिले आहे. उन्माद चढला की दोन-दोन रात्री डोळ्याला डोळा लागत नाही, आणि धावणारे डोके थांबवायला जवळचे स्वस्त साधन म्हणजे दारू. तिने झोप लागते, पण पहाटे तीनला मोडते, आणि दुसऱ्या दिवशी उदासी दुपटीने अंगावर येते. त्यात त्याला लिथियम हे मन स्थिर ठेवणारे औषध चालू होते. दारूने अंगातले पाणी कमी झाले तर रक्तातले लिथियम धोक्याच्या पातळीपर्यंत चढू शकते, हे डॉक्टरांनी त्याला बजावले होते. ज्या दिवशी प्यायची असेल त्या दिवशी गोळी टाळायची, असा अर्थ त्याने त्यातून काढला. गोळी चुकली की मन बिघडायचे आणि मन बिघडले की दारू यायची. यात इच्छाशक्तीचा भाग अजिबात नाही असे मी म्हणणार नाही. परंतु इच्छाशक्ती ज्या मनातून यायची तेच मन आजारी असताना घरच्यांनी, शेजाऱ्यांनी आणि कीर्तनकारांनी सारखा तिचाच धावा करावा, याचा मला आजही राग येतो.

त्याहून जास्त राग मला ‘पेशंटच्या नकळत दारू सोडवा’ अशा जाहिरातींचा येतो. एका नातेवाइकांनी आईला तशी पूड आणून दिली होती. अशा पुडीत काय आहे हे पुडीवर लिहिलेले नसते. त्यात डायसल्फिरम हे दारू प्यायल्यावर त्रास घडवणारे औषध असेल आणि ज्याला ठाऊकच नाही तो माणूस वर दारू प्यायला, तर उलट्या आणि धडधड होऊन रक्तदाब इतका उतरू शकतो की ते जिवावर बेतावे. आधीच मनोविकार असलेल्या माणसाला त्या औषधाने भ्रमही होऊ शकतात. आईने ती पुडी चहात न घालता मोरीत ओतली. आठवी शिकलेल्या माझ्या आईचा तो निर्णय आमच्या घरातल्या पदवीधरांच्या सगळ्या निर्णयांपेक्षा शहाणपणाचा होता.

इकडे आल्यावर मला पहिल्यांदा कळले की व्यसन आणि मनोविकार एकत्र असण्याच्या या स्थितीला वेगळे नाव आहे. कॅनडात तिला एकाच वेळी असणारे विकार अशा अर्थाने ओळखतात, आणि त्यासाठी व्यवस्थाही बदलली गेली. टोरांटोत १९९८ मध्ये मनोरुग्णालये आणि व्यसनांवर काम करणाऱ्या संस्था एकत्र करून ‘सेंटर फॉर ॲडिक्शन अँड मेंटल हेल्थ’ ही एकच संस्था उभारण्यात आली. त्याच्या आधीच, १९८९ मध्ये, अमेरिकेत कॅन्सस सिटीला ‘ड्युअल रिकव्हरी ॲनॉनिमस’ आणि न्यूयॉर्क राज्यात ‘डबल ट्रबल इन रिकव्हरी’ असे स्वमदत गट खुद्द रुग्णांनीच सुरू केले होते. कारण त्यांचीही आमच्यासारखीच कोंडी होत होती. दारू सोडू पाहणाऱ्यांच्या अल्कोहोलिक्स ॲनॉनिमस या स्वमदत संघटनेच्या बैठकीत गोळ्यांचा विषय काढला की काही जुनी मंडळी नाके मुरडत, आणि मनोविकारांच्या गटात दारूचा विषय काढला की खोलीत शांतता पसरे. खरे म्हणजे अल्कोहोलिक्स ॲनॉनिमस ही संघटना स्वतःच्या पत्रकातून स्पष्ट सांगते की कोणाही सदस्याने दुसऱ्याचा डॉक्टर होऊ नये. तिच्या संस्थापकांपैकी एक, बिल विल्सन, दारू सुटल्यानंतरही कित्येक वर्षे तीव्र नैराश्याशी झगडत होते. तत्त्वाची अडचण नव्हती, ती खोलीतल्या माणसांच्या समजुतीची होती.

असा गट आतून कसा असतो ते मी कुटुंबीयांसाठीच्या बैठकांना जाऊ लागल्यावर पाहिले. एका चर्चच्या तळघरात दर मंगळवारी दहा-बारा खुर्च्या गोल मांडलेल्या असतात, आणि वर्षातून काही वेळा कुटुंबीय आणि रुग्ण एकत्र बसतात. कोणाला कोणते औषध द्यावे किंवा बंद करावे यावर कोणी बोलायचे नाही. कोणाचे बोलणे मध्येच तोडायचे नाही. ज्याला गर्दीत जीव घाबरा होतो त्याने न विचारता बाहेर जावे, न विचारता परत यावे. बोललेच पाहिजे अशी सक्ती नाही, आणि ही सवलत फार मोलाची आहे, कारण स्किझोफ्रेनिया हा भास-भ्रमांचा आजार असलेल्या माणसाला कधी कधी नुसते तासभर बसणे हेच मोठे काम असते. तिथले ऐकलेले बाहेर सांगायचे नसते. तरी एका वृद्ध गृहस्थांची परवानगी घेऊन एवढे लिहिते, की त्यांनी एका बैठकीत कोटाच्या एका खिशातून दारूशिवायच्या एका वर्षाचे पदक काढले, दुसऱ्या खिशातून आठवड्याच्या गोळ्यांची सात खणांची डबी काढली, दोन्ही वस्तू टेबलावर शेजारी-शेजारी ठेवल्या आणि ते खाली बसले. एक शब्दही ते बोलले नाहीत. सोमवारचा खण रिकामा होता आणि मंगळवारची गोळी अजून घ्यायची होती.

त्या रात्री मी भावाला फोन केला आणि हे सांगितले. तो बराच वेळ गप्प राहिला आणि मग म्हणाला, “ताई, आमच्या मीटिंगमध्ये मी दारुडा म्हणून चालतो, वेडा म्हणून नाही. दवाखान्यात वेडा म्हणून चालतो, दारुडा म्हणून नाही. कुठेही जा, दोघांतल्या एकाला चपलांपाशी ठेवून आत जावे लागते.”

परदेशात सर्व काही आलबेल आहे असा कोणी समज करून घेऊ नये. याच देशात २०१६ पासून अफूजन्य द्रव्यांच्या विषबाधेने ४०,००० हून अधिक माणसे मेली आहेत. गट फुकट असतात, पण तज्ज्ञांच्या वेळेसाठी महिनोन्महिने थांबावे लागते. माझ्या गटातल्या कितीतरी माणसांना बैठक संपल्यावर घरी वाट पाहणारे कोणी नाही, आणि जाणूनबुजून बैठक लांबवली जाते ती त्यामुळेच. आपल्या मराठी माणसांचे दुखणे आणखी वेगळे आहे. मंडळाच्या गणपतीत कोणाला कळेल या भीतीने ती या खोल्यांपर्यंत पोहोचत नाहीत, आणि पोहोचली तरी मनातली लाज इंग्रजीत सांगता येत नाही. मला स्वतःला ‘तो सुधारेल असे वाटत नाही’ हे वाक्य इंग्रजीत सहज बोलता येते आणि मराठीत उच्चारताना घसा दाटून येतो, यावरून कुठल्या भाषेत बोलण्याची गरज होती ते मला समजले.

तिकडे, उलट, घर आहे. आई दोन वर्षे दाराशी आडवी झोपत होती, वहिनीने माहेरी जायचे नाकारले, काकांनी कर्ज फेडले. पण घराने किती सोसावे याला मर्यादा असते, आणि घरच्यांनाही बसायला एखादी खोली लागते, हे आपल्याकडे फारसे मानले जात नाही.

तरी आपल्याकडे पाया नाही, असे मुळीच नाही. पुण्यातले मुक्तांगण १९८६ मध्ये डॉ. अनिता आणि अनिल अवचट यांनी सुरू केले ते येरवड्याच्या मनोरुग्णालयाच्या आवारात, आणि अनिताताई स्वतः मनोविकारतज्ज्ञ होत्या. म्हणजे आपल्या व्यसनमुक्तीच्या कामाची एक मोठी शाखा मनोरुग्णालयाच्या अंगणातच रुजलेली आहे. रुग्णांच्या पत्नींसाठी तिथे ‘सहचरी’ हा गट चालत आला आहे. दुसरे उदाहरण माझ्या या गावाशी जोडलेले आहे. कॅलगरी विद्यापीठात संख्याशास्त्र शिकवणारे दिवंगत डॉ. जगन्नाथ वाणी यांनी पत्नीच्या स्किझोफ्रेनियाच्या अनुभवातून पुण्यात स्किझोफ्रेनिया अवेअरनेस असोसिएशन उभी केली, आणि रुग्ण व काळजीवाहक यांना एकत्र बसवणारे स्वमदत गट तिथे सुरू झाले. त्या कामात रुग्णाला ‘शुभार्थी’ आणि त्याची काळजी घेणाऱ्याला ‘शुभंकर’ म्हणतात. भावाला मी हे शब्द सांगितले तेव्हा त्याने ते दोनदा म्हणून पाहिले.

मग अडते कुठे? माझ्या मते ते खात्यांच्या भिंतींपाशी अडते. व्यसनमुक्ती केंद्रांना अनुदान देणारे मंत्रालय सामाजिक न्यायाचे, मानसिक आरोग्य आरोग्य मंत्रालयाकडे. देशात सुमारे १५ कोटी लोकांना मानसिक आरोग्यसेवेची गरज आहे असे २०१५-१६ च्या राष्ट्रीय पाहणीत दिसले, आणि दारूच्या समस्येसाठी मदत हवी असलेले ५.७ कोटी लोक आहेत असे २०१९ च्या दुसऱ्या अहवालात दिसले. या दोन आकड्यांत किती माणसे समाईक आहेत, हा प्रश्न वर्तमानपत्री वादात मी आजवर वाचलेला नाही. वास्तविक २०१७ चा मानसिक आरोग्य कायदा दारू आणि अमली पदार्थांच्या सेवनाशी निगडित मानसिक स्थितींना मानसिक आजाराच्या व्याख्येतच घेतो. कायद्याने भिंत पाडली आहे, पण खोल्या अजून वेगळ्याच आहेत.

केवळ गट काढले म्हणजे भागेल असा माझा दावा नाही. तीव्र भ्रमात असलेल्या माणसाला आधी रुग्णालय लागते, गट त्यानंतर. अशा गटांच्या कार्यक्रमातल्या बारा पायऱ्यांमधली ईश्वराची भाषा सर्वांना मानवत नाही. न्यूयॉर्कमधील दुहेरी गटांच्या अभ्यासात नियमित येणारे लोक औषधे अधिक सातत्याने घेतात असे आढळले, परंतु जे मुळात नियमित येतात त्यांची उमेद आधीपासूनच जास्त असेल, ही शंकाही रास्त आहे. तरीही दोन्ही आजारांविषयी एकाच श्वासात बोलता येईल अशी बैठक जिल्ह्याच्या ठिकाणी आठवड्यातून एकदा भरवायला इमारत लागत नाही, यंत्रे लागत नाहीत, मोठे अंदाजपत्रकही लागत नाही. दर महिन्यास एखाद्या मनोविकारतज्ज्ञाने येऊन शंकांना उत्तरे द्यावीत, आणि व्यसनमुक्ती केंद्रांनी रुग्णाच्या हातातली गोळ्यांची चिठ्ठी काढून घेऊ नये, एवढी शिस्त पुरे. दारूबंदी असावी की नसावी हे ठरेपर्यंत यासाठी थांबण्याचे काहीच कारण नाही.

भावाने यंदा संक्रांतीनंतर अशी बैठक सुरू केली आहे. शाळेतला एक वर्ग रविवारी चार ते साडेपाच मिळतो. पहिल्या रविवारी तो आणि जुन्या मीटिंगमधला एक मित्र असे दोघेच होते. आता पाच-सहा जण येतात. त्यांतला एक तरुण सात आठवडे शेवटच्या बाकावर गप्प बसून होता आणि आठव्या आठवड्यात त्याने फक्त स्वतःच्या गोळीचे नाव सांगितले. मध्ये एकदा भाऊ स्वतः घसरला, दोन दिवस प्यायला, आणि त्या रविवारी बैठक कोणी घ्यायची असा प्रश्न आला. मला वाटले, आता संपले. आईने फोनवर सांगितले की चार वाजता तो केस विंचरून निघाला, आणि शिपाईकाकांकडून वर्गाची किल्ली त्यानेच आणली.