‘अनुवादाला कसला आलाय कॉपीराइट?’

खानापूरहून मावशीचा फोन आला. “तुला पण पाठवलंय बघ, साडेपाचशे पानांची कादंबरी, फुकट!” सोबत तोच मेसेज, जो महिनाभर इकडच्या, बेळगावच्या ग्रुपांवर फिरतोय: मूळ पुस्तक कन्नड, लेखक वारलेले, अनुवादात नुसती भाषा तर बदलायची, म्हणून अनुवादावर हक्क कुणाचाच नाही, विकत नाही तर गुन्हा नाही, सीमाभागात मराठी पुस्तकं मिळतच नाहीत, तेव्हा पीडीएफ पुढे ढकला, मराठी जगवा. इतरांनी पाठवला तेव्हा सोडून दिला होता. मावशीनं तो आणखी अकरा जणांना धाडलाय म्हटल्यावर गप्प बसवेना.

पहिला मुद्दा तर संतापजनक आहे. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यानुसार लेखक गेल्यानंतरही ६० वर्षं हक्क राहतो. शिवाय अनुवाद ही कायद्याच्या लेखी स्वतंत्र कृती. तिचा हक्क वेगळा, आणि त्याची मुदत अनुवादकाच्या आयुष्यावरून मोजायची. म्हणजे मूळ पुस्तक खुलं झालं तरी अनुवाद खुला होत नाही.

आणि ‘नुसती भाषा तर बदलायची’ हे बेळगावकरांनी म्हणावं? घरात मराठी, बाजारात कन्नड बोलतो म्हणून आपल्याला ते सोपं वाटतं. कन्नड कादंबरीतलं एक पान मराठीत उतरवून दाखवा, मग बोलू. उमा कुलकर्णी याच बेळगावच्या. पती विरुपाक्ष कन्नड वाचून दाखवायचे, त्या ऐकून मराठीत लिहायच्या. वर्षानुवर्षं अशी बैठक मारली, तेव्हा कन्नड कादंबऱ्या मराठी घरांत पोचल्या. त्या कष्टाला हा मेसेज ‘कुणाचाच हक्क नाही’ म्हणतो.

विकत नाही तर गुन्हा नाही? धंद्यासाठी केलं नसेल तर कोर्ट शिक्षा कमी करू शकतं, एवढंच. उल्लंघन ते उल्लंघनच.

‘मिळत नाहीत’ यात मात्र थोडं तथ्य आहे, नाइलाजानं मान्य करतो. खेड्यात पुस्तकाचं दुकान नाही, आणि जाड कादंबरीला पाच-सहाशे मोजणं सगळ्यांना झेपत नाही. पण बेळगावचं सार्वजनिक वाचनालय १८४८ सालचं आहे, तिथली पायरी चढलात का कधी? कडोली, उचगाव, येळ्ळूरच्या संमेलनांत पुस्तकांचे स्टॉल लागतात. आपण भाषण ऐकून, जेवून परततो. साहित्य अकादमी आणि नॅशनल बुक ट्रस्ट इतर भारतीय भाषांतली पुस्तकं मराठीत आणतात, तीही बेताच्या किमतीत. फुकटच हवं असेल तर महाराष्ट्र राज्य साहित्य आणि संस्कृती मंडळाच्या संकेतस्थळावर त्यांची कितीतरी पुस्तकं राजरोस उतरवून घेता येतात.

‘मराठी जगवा’वर काय बोलायचं! अनुवादकाला उपाशी ठेवून?

मावशीला फाइल पुसायला सांगितली. “पुसते की, पण शेवटची सत्तर पानं राहिल्यात,” म्हणाली. वाचनालयात चौकशी केली, प्रत आहे. रविवारी खानापूरला घेऊन जातोय.