पहिल्यापासून म्हणजे कधीपासून?

आज दुपारी लेक शाळेतून आली ती दप्तर न टाकताच स्वयंपाकघरात. "आई, पहिल्यापासून म्हणजे कधीपासून?" वर्गातल्या एका मुलाने तिला ऐकवलं होतं: आम्ही खरे ब्रिटन, आम्ही पहिल्यापासून इथले, तुम्ही नंतर आलात. मुलगा दहा वर्षांचा आहे, त्याच्यावर मी चिडत नाही. घरी जेवताना जे कानावर पडतं तेच त्याने शाळेत आणलं. चीड त्या मोठ्या माणसांची आहे. चार तास झाले तरी ती जात नाही, म्हणून लिहितेय.

आमच्या पहिल्या घराचे मालक तुमच्यातल्या काहींना आठवत असतील, मागे त्यांच्याबद्दल लिहिलं होतं. वेल्समधल्या कारमार्दनजवळच्या खेड्यात २०१४ साली त्यांच्या घराचा वरचा मजला आम्ही भाड्याने घेतला. पहिल्याच आठवड्यात त्यांनी चहाला बोलावलं आणि मी बोलून गेले, "तुम्हा इंग्रज लोकांना..." आपली सवयच ती, आपल्याला सगळे गोरे इंग्रजच. म्हाताऱ्याने किटली खाली ठेवली. म्हणाले, "मी इंग्रज नाही, पोरी. ते नंतर आले."

नंतर म्हणजे दीड हजार वर्षांपूर्वी! पण आवाज असा, की गेल्या दिवाळीत शेजारच्या आळीत कुणीतरी राहायला आलंय.

आणि ते खरंच बोलत होते. इसवी सन ४३ मध्ये रोमन फौजा इथे उतरल्या तेव्हा या बेटाच्या बहुतेक भागात ब्रिटनांची, म्हणजे तेव्हाच्या इथल्या रहिवाशांची, जी बोली होती, तिच्याच पोटी त्यांची वेल्श भाषा जन्मली. लंडनला वेस्टमिन्स्टर पुलाशी रथात उभ्या असलेल्या बुडिका या ब्रिटन राणीचा पुतळा तुमच्यातल्या बऱ्याच जणांनी पाहिलाय, फोटोही टाकलेत. ६०-६१ साली तिने रोमनांविरुद्ध उठाव करून कोल्चेस्टर, लंडन, सेंट ऑल्बन्स जाळलं. तिला इंग्रजीचा एक शब्द येत नव्हता. येणार कसा? इंग्रजी या बेटावर पोचलीच नव्हती. ४१० च्या सुमारास रोमची सत्ता इथून उठली आणि त्यानंतर आजच्या डेन्मार्क-जर्मनीच्या किनाऱ्यावरून अँगल आणि सॅक्सन मोठ्या संख्येने आले. इंग्लंड हे नावच मुळी त्या अँगलांचं.

आल्यावर त्यांनी इथल्या ब्रिटनांना काय नाव दिलं? वेल्श. म्हणजे परके. अक्रोडाला इंग्रजीत वॉलनट म्हणतात ना, त्यातला 'वॉल'ही तोच, परमुलखातला. ज्यांच्या घरात शिरलात त्यांनाच परकं म्हणायचं, आणि ते नाव आजही देशाच्या नकाशावर छापायचं! ते लोक स्वतःला 'कम्री' म्हणतात, एकाच मुलखातले, आपली माणसं. नद्यांनी मात्र जुनी नावं सोडली नाहीत. वेल्शमध्ये नदीला 'आवॉन' म्हणतात. इंग्लंडमध्ये 'रिव्हर एव्हन' नावाच्या नद्या आहेत, म्हणजे 'नदी नदी'.

किटली खाली ठेवणारा तो हात मला आज दिवसभर दिसतोय. एकदाच, एका पावसाळी संध्याकाळी, त्यांनी आपल्या आजीचं सांगितलं होतं. शाळेत वेल्श बोलताना सापडलेल्या पोराच्या गळ्यात लाकडी पाटी अडकवायचे. दुसरं कुणी बोलताना सापडलं की पाटी त्याच्या गळ्यात. शाळा सुटताना ज्याच्याकडे पाटी, त्याला छड्या. म्हणजे पोरांनीच पोरांवर पाळत ठेवायची. त्या आजीने एकदा आपल्या धाकट्या बहिणीचं नाव सांगितलं होतं, आणि म्हातारपणापर्यंत ते तिच्या मनातून गेलं नाही. हे सांगताना त्यांचे ओठ थरथरले होते. या बेटावर 'मूळचे आम्ही' म्हणण्याचा हक्क कुणाला असेलच तर तो या माणसाला होता. त्याने तो माझ्या लेकीवर कधी उगारला नाही.

उलट तिला मांडीवर घेऊन वेल्श शिकवलं. ती त्यांना ताद-की म्हणायची, तिकडे आजोबांना तसंच म्हणतात. जिना चढताना दोघं पायऱ्या मोजायची. ईन, दाय, त्री, पेद्वार, पिम्प... मी वर कणीक मळत असायचे. एक दिवस 'नाउ, देग' कानावर आलं आणि माझा हात थांबला. नऊ, दहा! हजारो वर्षांपूर्वी एका भाषेच्या दोन वाटा फुटल्या, एक सातारला माझ्या आजीपर्यंत पोचली आणि एक या जिन्यापर्यंत. मी धावत खाली जाऊन त्यांना आपले आकडे म्हणून दाखवले. त्री-तीन, सायथ-सात. ते मला पुन्हा पुन्हा म्हणायला लावत होते.

बरं, ताद-कींचे पूर्वजही पहिले नव्हते, हे मान्य करते. २०१८ साली टीव्हीवर चेडर मॅन दाखवला. सॉमरसेटमधल्या गुहेत १९०३ साली सापडलेला सांगाडा, सुमारे दहा हजार वर्षांपूर्वीचा. डीएनएवरून सांगितलं की त्याची कातडी गडद किंवा काळी आणि डोळे निळे असावेत. त्याच्या लोकांनंतर सहा हजार वर्षांपूर्वी शेतकरी आले, ज्यांचं मूळ तुर्कस्तानाकडे जातं. स्टोनहेंज हे मोठमोठ्या दगडांचं वर्तुळ त्यांच्या वंशजांनी उभारायला घेतलं. मग साडेचार हजार वर्षांपूर्वीच्या सुमारास युरोपातून बीकर लोक (त्यांच्या मातीच्या पेल्यांवरून पडलेलं नाव) आले आणि काही शतकांत इथला नव्वद टक्के वंशच बदलला. इसवी सनापूर्वी हजारच्या आसपास आणखी एक लोंढा आला. मग रोमन, सॅक्सन, व्हायकिंग, १०६६ ला नॉर्मन. यातलं 'पहिल्यापासून' कुठलं, ते त्या मुलाच्या आईवडिलांनी मला दाखवावं.

हो, आपल्याकडेही मूळचे कोण यावरून डोकी फुटतात. मुंबईत कॉलेजात असताना 'बाहेरच्यां'बद्दल मीही बोललेय. चुकलं माझं. आपल्या मातीवर जीव असण्यात वाईट काही नाही, हेही कबूल. पण दहा वर्षांच्या पोरीला वर्गात उभं करून सांगायची ती गोष्ट नाही.

लिहिता लिहिता राग थोडा उतरलाय. चेडर मॅनची ती बातमी ताद-कींनी आमच्याकडेच बसून पाहिली. मला वाटलं चिडतील, कारण 'ते नंतर आले' हे त्यांचं आयुष्यभराचं वाक्य. बराच वेळ ते त्या सावळ्या चेहऱ्याकडे बघत राहिले. मग मला विचारलं, "हा मोजायचा कसा असेल गं? त्याची भाषा कुठली असेल?" कुणालाच माहीत नाही, म्हटलं. तिचा एक शब्दही उरला नाही. त्यांनी हळूच टीव्ही बंद केला. त्या रात्री जेवले नाहीत.

२०२१ मध्ये ते गेले. लेक तेव्हा सहा वर्षांची होती. अजून जिना चढताना ती ओठातल्या ओठात मोजते. आत्ताही मोजतच झोपायला गेली. प्रश्नाचं उत्तर उद्या देते म्हटलंय. सकाळी डबा भरताना सांगेन, चेडरच्या गुहेपासून सुरुवात करून, बस येईपर्यंत जेवढं होईल तेवढं.