नातेवाइकांच्या आठवणी आणि खुनाचा तपास

खुनाच्या तपासात मृताच्या घरच्यांच्या आठवणींना किंमत नसते, असा एक मजकूर सध्या बराच पुढे पाठवला जात आहे. न्यायालय नातेवाइकांची साक्ष मानत नाही, डीएनएमुळे तिची गरज उरलेली नाही आणि दुःखात माणसाची स्मृती भरकटते, अशी तीन कारणे त्यात दिली आहेत.

पहिले कारण साफ चुकीचे आहे. दलीपसिंग विरुद्ध पंजाब राज्य या १९५३ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की, खऱ्या गुन्हेगाराला सोडून निरपराध माणसाला गोवणे हे एरवी जवळच्या नातेवाइकाकडून सर्वांत कमी संभवते.

डीएनएविषयीचा मुद्दा तर तपासाचा क्रमच उलटा लावतो, कारण चाचणीसाठी नमुना कोणाच्या आई-वडिलांचा घ्यायचा, हे आधी कोणीतरी सांगावे लागते. फेब्रुवारी २००२ मध्ये गाझियाबादच्या लग्नसमारंभातून नेलेल्या नीतीश कटाराचा जळालेला मृतदेह खुर्जाजवळ सापडला, तेव्हा चेहरा ओळखण्याजोगा उरला नव्हता. आई नीलम कटारा यांनी जळण्यातून वाचलेल्या लहानशा तळहातावरून मुलाला ओळखले आणि नंतर डीएनए चाचणीने त्याला दुजोरा दिला. मुलाचे प्रेमसंबंध कोणाशी होते आणि ते कोणाला खुपत होते, हेही त्यांनी पोलिसांना सांगितले होते. २००८ मध्ये आरोपी दोषी ठरले.

तिसऱ्या कारणात मात्र तथ्य आहे आणि ते झाकून ठेवणे अप्रामाणिकपणाचे होईल. पुण्यातील विवाहितेच्या मृत्यूसंबंधीच्या शरद सारडा खटल्यात १९८४ मध्ये आरोपीला निर्दोष सोडताना सर्वोच्च न्यायालयाने बजावले की, मृत व्यक्तीवरील मायेपोटी नातेवाईक नकळतही भर घालतात, म्हणून त्यांची साक्ष अत्यंत सावधपणे तपासावी. तपासावी, टाकून द्यावी असे नव्हे. मजकूर लिहिणाऱ्याने नेमका हाच फरक गाळला आहे.

माझ्या मते, ‘त्यानेच मारले असेल’ या संशयापेक्षा मोडून जुळलेले हाड, रोजची घरी परतण्याची वेळ, कोणाचा फोन आला की ती गप्प व्हायची, अशा पडताळता येणाऱ्या तपशिलांचे मोल कितीतरी अधिक असते. ते पोलिसांनी पहिल्याच जबाबात नोंदवून घ्यावेत आणि नातेवाइकांनीही तसा आग्रह धरावा, कारण जबाबात नसलेली महत्त्वाची गोष्ट साक्षीत प्रथमच आली, की उलटतपासणीत ती मागाहून सुचलेली भर ठरवली जाते.